बेचाळिसावी फाइल

"ओल्या पायांनी आत येऊ नकोस, पुसून ये," असं शेजारीण म्हणाली आणि माउसवरचा तिचा हात जागच्या जागी थांबला. शेजारीण खरी नव्हती. संगणकावरच्या खेळात एक लहानसं गाव होतं, त्या गावात तिनंच बांधलेलं एक घर होतं, आणि त्या घराला लागून निळ्या दाराच्या घरात ही म्हातारी राहायला येऊन अजून पाच मिनिटंही झाली नव्हती. रविवारची दुपार होती. आतल्या खोलीत नवरा तोंडावर पेपर घेऊन पडला होता, खालच्या रस्त्यावर कुणीतरी कपाट की काहीतरी जड सामान ओढत नेत होतं, आणि पडद्यावरची म्हातारी, जिच्या चेहऱ्यात आईचं काही म्हणजे काही नव्हतं, ना नाक, ना कपाळ, ती आईच्या आवाजात बोलली होती. आईसारख्या नव्हे, आईच्याच. 'पुसून'मधला पहिला 'पु' जरासा लांबवून आणि शेवटचा 'ये' जवळजवळ गिळून. फक्त 'स'वर एक बारीक शिट्टी होती, ती आईच्या बोलण्यात कधी नव्हती, म्हणून तिचा विश्वास क्षणभर अडखळला. भास असेल. जगात एकसारखी दिसणारी सात माणसं असतात म्हणतात, तसे एकसारखे आवाजही असतील. तिनं आपल्या बाहुलीला दाराबाहेर नेलं आणि पुन्हा आत आणलं. "जेवलीस का? तोंड बघ कसं सुकलंय," शेजारीण म्हणाली. पुन्हा बाहेर, पुन्हा आत. "हळू बोल, आत कुणीतरी वाचतंय." हे ऐकल्यावर मात्र तिनं माउस सोडून दिला, कारण हे वाक्य जगात एकच बाई बोलत होती. आई सत्तावीस वर्षं वाचनालयाच्या खिडकीत बसली आणि मग घरी येऊनही, आत कुणी वाचत नसताना, दोन्ही मुलांना हेच सांगून गप्प करत राहिली. त्या आईला जाऊन सहा वर्षं झाली होती.

ही शेजारीण तिनं स्वतःच्या हातानं त्या गावात बसवली होती. खेळात घालायला लोक घरबसल्या नवी झाडं, नव्या खुर्च्या, नवी माणसं तयार करतात आणि फुकट वाटतात. त्यांना ॲडऑन म्हणतात. ती आपोआप बसवून देणारं साधनही असतं, एक बटण दाबलं की काम झालं, आणि बहुतेक सगळे तेच करतात. तिला ते कधी पटलं नाही. ती कवळ्या बनवायची. दातांच्या डॉक्टरांकडून अनोळखी हिरड्यांची मापं यायची, त्यात प्लास्टर ओतायचं, साच्यावर मेण चढवायचं, मेणात एकेक दात उभा करायचा, हे ती बावीस वर्षं करत आली होती. दात कोरून पोट भरत नाही ही म्हण आमच्या घरी चालत नाही, असं नवरा पाहुण्यांना सांगायचा. तर ज्या बाईनं तोंडात जाणारी प्रत्येक वस्तू आधी बोटांत फिरवून पाहिली, ती आपल्या गावात न बघता काय येऊ देणार? झिप फाइल उतरवायची, वेगळ्या जागी उघडायची, आत काय काय आहे ते बघायचं, मूळ खेळाची एक प्रत बाजूला काढून ठेवायची, मग आकाराच्या फाइली आकारांच्या फोल्डरमध्ये, रंगाच्या रंगांच्या, आवाजाच्या आवाजांच्या, आणि शेवटी खेळाच्या यादीत आपल्या हातानं एक ओळ वाढवायची. यात तास जायचा. तो तास तिला आवडायचा, खरं तर खेळण्यापेक्षाही जास्त. आज सकाळीही तिनं तसंच केलं होतं. बनवणाऱ्यानं सोबत दिलेली चार ओळींची चिठ्ठी वाचली होती: "आपल्या भाषेत बोलणारी शेजारीण. एकेचाळीस वाक्यं. आवाज घरचाच आहे, बाकी विचारू नये." खाली सही म्हणून 'कानसेन'. गंमतीचा माणूस दिसतो, असं वाटून ती हसली होती. एकवीस हजार लोकांनी ती शेजारीण उतरवून घेतली होती. मग आवाज मोजले होते, सवयीनं, जसे ट्रेमधले दात मोजायचे, आणि ते बेचाळीस भरले होते. अठ्ठावीस दातांच्या जागी एकोणतीस निघाले तर कुणाच्या तरी कवळीत भोक राहिलेलं असतं. पण हे काही दात नव्हते. बेचाळिसावी फाइल यादीत नव्हती, म्हणजे खेळात ती कधी वाजणारच नव्हती; काढायची राहून गेली असेल, असं म्हणून तिनं ती तशीच राहू दिली होती.

कानसेन. आता तिला तो शब्द वेगळाच दिसायला लागला. दादाच्या स्टुडिओतली माणसं त्याला याच नावानं हाक मारायची. दादा ध्वनिमुद्रक होता. नाटकं, भाषणं, गाणी, जाहिराती, सगळ्यांचे आवाज त्यानं तीस वर्षं पकडले, आणि लहानपणी तर जिन्यावरच्या पावलांवरून कोण आलं ते तो दार उघडण्याआधी सांगायचा. आई गेल्यावर तेराव्या का चौदाव्या दिवशी तिनं त्याला विचारलं होतं, दादा, आईचा आवाज असेल का रे तुझ्याकडे कुठं, एखादी टेप, एखादं वाक्य. दादा खिडकीशी पाठमोरा उभा होता. "नाही गं," तो म्हणाला होता. "जगाचे आवाज पकडले, आईचा राहूनच गेला." आणि तेवढ्यावर दोघं रडली होती, ती त्याच्या खांद्यावर डोकं ठेवून. त्या रडण्याची तिला पुढं कितीदा तरी आठवण आली होती, आधार म्हणून. आईचा आवाज आपल्याला आठवेनासा होतोय हे तिला तिसऱ्या वर्षी कळलं. शब्द आठवायचे, पण ते स्वतःच्याच आवाजात. कामावर मेण तापवताना ती मनातल्या मनात आईला बोलायला लावायची आणि आई यायची ती मुकी. आणि इतके दिवस तो आवाज होता. जपून ठेवलेला होता, कापून, पुसून, आकडे घालून ठेवलेला होता, आणि एकवीस हजार घरांत तो लोकांना पाय पुसायला सांगत होता.

तिनं खेळ बंद केला आणि आवाजांचा फोल्डर उघडून पहिल्या फाइलपासून एकेक ऐकायला सुरुवात केली. ऐकताना राग आला असं म्हणणं खोटं होईल. प्रथम आली ती अधाशासारखी भूक. "खिडकी लाव, धूळ येते." "किती वाजले?" "हे कुणाचं पुस्तक?" सातव्या फाइलमध्ये आई हसली होती. ते हसणं तिनं पाच वेळा ऐकलं. तिसाव्या फाइलनंतर ती शिट्टी पुन्हा आली, 'बस जरा'मधल्या 'स'वर, आणि मग पुढच्या जवळजवळ प्रत्येक फाइलमध्ये, आणि तेव्हा तिच्या बोटांना ते आधी कळलं, डोक्याला मागाहून. ही शिट्टी तिनं बनवली होती. आईचं शेवटचं आजारपण सात आठवड्यांचं, दादाच्या घरी. तिसऱ्या आठवड्यात तिनं आईसाठी नवी कवळी करून पाठवली होती, जुनी सैल झाली होती म्हणून, आणि पाठवल्यावर साच्याकडे बघताना ध्यानात आलं होतं की वरचे पुढचे दोन दात केसभर पुढं बसलेत, 'स' म्हणताना हवा निसटणार. तिनं लगेच दादाला फोन केला होता: आईला सांग, मी येऊन घासून देते. "आता कवळी कसली," दादा म्हणाला होता. "ती त्याच्या पलीकडे गेली. तोंड उघडत नाही, कुणाला ओळखत नाही. नळीनं देतात. तू येऊ नकोस, तुलाच बघवायचं नाही. वेळ आली की मी बोलवतो." आणि ती गेली नव्हती. वेळ आली तेव्हा बोलावणं आलं, आणि ती पोचली तेव्हा आईचा चेहरा झाकलेला होता. खरं सांगायचं तर येऊ नकोस म्हटल्यावर तिच्या मनाच्या एका कोपऱ्याला सुटल्यासारखंही वाटलं होतं, आणि त्या कोपऱ्याला ती सहा वर्षं शिक्षा देत आली होती. आता तीच कवळी घालून आई म्हणत होती, बस जरा, पाय पुसून ये. तोंड उघडत नव्हती म्हणे.

मग बेचाळिसावी. ती इतरांपेक्षा लांब होती, पाऊण मिनिटाची. सुरुवातीला चमचा भांड्याला लागल्याचा आवाज. मग आई, अगदी जवळून: "धाकटी येणार होती ना रे?" मग लांबून, खोलीच्या दुसऱ्या टोकाहून आल्यासारखा, पण स्पष्ट, दादाचा आवाज: "फोन केला होता मी. तिला वेळ नाही म्हणाली." चमचा थांबला. "असं म्हणाली?" आईनं विचारलं, 'स'वर शिट्टी वाजवत. "हो," दादा म्हणाला. खुर्ची करकरली. आईनं श्वास घेतला, बोलण्याआधी घेतात तसा, आणि फाइल संपली.

किती वेळ गेला ते तिला कळलं नाही. नवरा उठून आला, तिच्या खांद्यावरून पडद्याकडे बघत म्हणाला, "अडकलं का काही? पुन्हा चालू करून बघ." तो मोटर चालवायला शिकवायचा; कुठल्याही अडचणीवर त्याचा पहिला उपाय तोच. तिनं फाइल लावली. तो उभ्यानंच ऐकत राहिला आणि संपल्यावर शेजारची खुर्ची ओढून बसला.

"या आईच ना?"

"आईच."

"आणि तू असं म्हणाली होतीस?"

ती त्याच्याकडे बघत राहिली. बावीस वर्षं जो माणूस तिला ओळखत होता त्यालाही विचारावंसं वाटलं होतं. त्याचंही चुकलं नव्हतं, दादानं ते वाक्य इतक्या सहज म्हटलं होतं की ऐकणाऱ्याला तिचाच आवाज कानात यावा. आणि तिला स्वतःलाही आठवायला लागलं: आजारपणाच्या दुसऱ्या आठवड्यात ती फोनवर म्हणाली होती, या आठवड्यात कामाचा ढीग आहे, पुढच्या आठवड्यात नक्की येते. त्यातला 'नक्की येते' दादानं कापून टाकला होता. कापणं हेच तर त्याचं काम. "नाही," ती म्हणाली. नवऱ्यानं तिचा हात हातात घेतला आणि म्हणाला, "आपलेच दात आणि आपलेच ओठ. बोलून काय मिळणार आहे आता?" ती म्हणाली, "दात मी बनवते. चावला तर कुठं लागतं तेवढं मला कळतं." उद्या सकाळची बस पकडायची, एवढं तिनं ठरवलं आणि दादाला निरोप पाठवला: उद्या येते. उत्तर लगेच आलं, ये. फोन मात्र नाही. गेली दोन वर्षं तो फोन करत नव्हता, उचलतही नव्हता, फक्त चार शब्दांचे निरोप. लांब गेला, असं ती समजत होती.

बसमध्ये तीन तास ती बोलणं जुळवत होती. मेणात दात लावताना कसं, एक सरकवला की शेजारचा हलतो, तसं एक वाक्य नीट बसवलं की आधीचं वाकडं दिसायचं. रागानं बोलायचं ठरवलं की आई मध्ये यायची, हळू बोल म्हणून. शांतपणे बोलायचं ठरवलं की दादाचा तो 'हो' ऐकू यायचा. त्या 'हो'ला काही वजनच नव्हतं, चहा घेणार का विचारल्यावर म्हणावं तसा. केसानं गळा कापणं म्हणतात ते हेच असावं. कापणाऱ्याच्या हाताला सुरी लागत नाही आणि कापलेल्याला सहा वर्षं कळत नाही. लहानपणी तिला अंधाराची भीती वाटायची तर दादा भिंतीपलीकडून बोटानं टकटक करून दाखवायचा, मी आहे म्हणून. ती टकटक तिनं कामावरच्या मुलींना कितीदा सांगितली होती, भाऊ असावा तर असा म्हणून. आता ते सगळं आतल्या आत पुन्हा तपासून पाहावं लागत होतं, एकेक दिवस काढून, उजेडात धरून, यात काय खरं आहे ते बघत. माणूस एकदाच फसवतो, पण मागचं सगळं नासतं, हे तिला बसच्या खिडकीशी बसून कळत गेलं.

दादानं दार उघडलं. पासष्टीचा माणूस पंचाहत्तरीचा दिसत होता. घरात तेच जुनं सामान, भिंतींना स्पंज लावलेली ती खोली, फडताळभर टेपा, आणि खिडकीशी आईची आरामखुर्ची. "डोकं दुखतंय, थोडं पाणी दे," ती बसत म्हणाली. दादानं हसून मान हलवली आणि तसाच उभा राहिला. तिनं पुन्हा सांगितलं. त्यानं पुन्हा मान हलवली. "बरं झालं आलीस," तो म्हणाला, नको इतक्या मोठ्या आवाजात. तेव्हा तिच्या ध्यानात आलं. तिनं आपल्या कानाकडे बोट केलं. दादा ओशाळला. "दोन वर्षं झाली. डावा गेलाच, उजव्यात थोडंसं येतं. यंत्र घे म्हणतात. आयुष्यभर कानाचं खाल्लं, आता कानात बूच घालून फिरू?" तिला त्याची कीव आली, आणि ती तिनं दाबली, कारण ती इतक्या लवकर यायला नको होती.

फोनवर तिनं फाइल लावली आणि फोन त्याच्या उजव्या कानाशी धरला. दादाचा चेहरा बदलला. "आई," तो म्हणाला. मग, जरा थांबून, "तुला सापडलं तर." तो तिच्याकडे बघत नव्हता. "मला ती ऐकू येईनाशी झाली. टेप लावायचो तर नुसती घरघर. म्हटलं, माझ्या घरात नाही तर कुणाच्या तरी घरात बोलत राहील. तुला द्यायला हवं होतं, पण मग नाही कसं म्हणालो ते सांगावं लागलं असतं."

"ही कुठली फाइल आहे बघ," ती त्याच्या उजव्या कानात मोठ्यानं म्हणाली. त्यानं आकडा वाचला. "बेचाळीस. ही यादीत घातली नव्हती मी. धाकटी येणार होती ना, असं आहे त्यात. ते वाक्य टाकवलं नाही. पुढं तर शांतच आहे."

"शांत नाही. तू आहेस पुढं."

"मी?"

"तुझा आवाज आहे त्यात."

दादा गोंधळला. पडद्यावर आवाजाच्या रेघा दिसतात, आता त्या बघूनच मी कापतो, तो सांगू लागला, आईपुढं माईक होता, मी लांब होतो, माझी रेघ उठलीच नसेल. "काय म्हणतोय मी?" त्यानं विचारलं. बसमध्ये जुळवलेल्या वाक्यांत हे वाक्य नव्हतं. ती मागं सरून हळू म्हणाली, "तिला वेळ नाही म्हणाली." त्यानं मान हलवली, ऐकू न येता. "तिला वेळ नाही म्हणाली," ती मोठ्यानं म्हणाली. "काय?" तो कान पुढं करत म्हणाला. मग ती पुन्हा त्याच्या कानाशी गेली आणि एकेक शब्द सुटा करत ओरडली, "तिला. वेळ. नाही. म्हणाली." बाहेर जिन्यावरून चाललेली कुणाची तरी पावलं थांबली आणि मग भराभर खाली गेली. तिचाच गळा, तिचेच शब्द, आईच्या खुर्चीपासून चार हातांवर. सहा वर्षांपूर्वी न म्हटलेलं वाक्य तिनं आता म्हटलं होतं, आणि ते ऐकायला तिला अगदी खरं वाटलं होतं.

दादा खाली बसला. "असं म्हणालो मी?" आणि तिनं उत्तर द्यायच्या आत, "म्हणालो. आठवतंय मला. उगाच कशाला." तो तळवे चोळू लागला. "ती शेवटपर्यंत शुद्धीत होती. दिवसभर तुझंच विचारायची. चौदा वर्षं माझ्याकडे राहिली. भरवायचो मी, न्हाऊ घालायचो मी, आणि दार वाजलं की धाकटी आली का. तू दोन दिवस आली असतीस ना, तर तेच दोन दिवस खरे ठरले असते तिच्यासाठी. माझी चौदा वर्षं कुणाला दिसली असती? म्हटलं शेवटचं तेवढं तरी माझं एकट्याचं असू दे."

"आणि तिला काय वाटून ती गेली, दादा?" हे तिनं इतक्या मोठ्यानं विचारलं की घसा खरवडला. "माझ्याबद्दल काय वाटून गेली?"

दादानं आईच्या खुर्चीकडे बघितलं.

"पुढची टेप कुठाय? ती पुढं काहीतरी बोलणार होती. श्वास घेतलाय तिनं."

"पुसली," दादा म्हणाला. "कामाचे तुकडे काढले आणि बाकीची पुसली. शेजारीण तयार झाली त्याच आठवड्यात. मला तरी आता कुठं ऐकू येणार होतं."

ती खिडकीशी गेली. खाली एक बाई गॅलरीतल्या कुंड्या एकेक उचलून सावलीत ठेवत होती. आपण इथं येऊन काय मागणार होतो? शेजारीण परत घे म्हणून? घेतली असती त्यानं, पण एकवीस हजार संगणकांतून आई कोण गोळा करणार. माफी? ती मागायला तो तयारच बसला होता, तोंडावर दिसत होती. तिला हवं होतं ते एकच वाक्य, श्वासापुढचं, आणि ते जगात एकाच माणसानं ऐकलेलं होतं.

"सांगू का?" मागून दादा म्हणाला. "म्हणाली, असू दे, पोर राबते. आली की उठव मला."

तिचे डोळे भरून आले, विचार करायच्या आधीच. आली की उठव मला. आई असंच म्हणाली असती, याच शब्दांत, 'उठव'वर जरा थांबून. दादानं तर ते आईच्या लयीतच म्हटलं होतं. छातीतली गाठ सैल होऊ लागली, आणि सैल होता होता मध्येच थांबली. कारण आईची लय त्याच्याइतकी कुणाला येत होती? आई कुठं थांबते, कुठं शब्द गिळते, हे त्यानं रेघारेघांनी बघितलं होतं. एका अनोळखी म्हातारीच्या तोंडी त्यानं आईची एकेचाळीस वाक्यं अशी बसवली होती की कुठं सांधा दिसू नये. आणखी एक बसवणं त्याला काय जड? हे वाक्य खरं असलं तर जन्मभर पुरेल असं होतं, आणि खोटं असलं तर तेही त्यानं तिच्या मापाचंच केलं होतं. दोन्हींतला फरक सांगणारी टेप पुसलेली होती.

"खरंच असं म्हणाली?" तिनं विचारलं. घशातून आवाज निघाला तो इतका बारीक की तिचा तिलाच जेमतेम ऐकू आला.

दादा तिच्या ओठांकडे बघत होता. त्यानं मान हलवली, पाणी मागितल्यावर हलवली होती तशीच.

तिनं पुन्हा, मोठ्यानं, विचारलं नाही.